‘व्हॉट्स गोइंग ऑन’ची एलपी घ्यावी का, आणि घेतली तर कशी ऐकावी

प्रश्न असा आहे: वडिलांचा जुना टर्नटेबल दुरुस्त होऊन घरी आला आहे. घरात हिंदी-मराठी रेकॉर्ड्स आहेत. एका मित्राचं म्हणणं, सोल (कृष्णवर्णीय अमेरिकनांचं, चर्चच्या गाण्यातून आलेलं लोकप्रिय गाणं) ऐकायचं तर मार्विन गेचा 1971चा ‘व्हॉट्स गोइंग ऑन’ एलपीवरच ऐक. प्रश्नकर्त्याने तो मोबाइलवर ऐकला. छान वाटला, पण लोक अर्धं शतक त्याच्या मागे का आहेत ते काही उमगलं नाही. शिवाय आल्बम अमेरिकन, व्हिएतनाम युद्धाच्या काळातला. मग त्याच्या तबकडीवर पैसे घालण्यात अर्थ आहे का?

आहे. पण का आहे ते सांगायला थोडं सविस्तर लिहावं लागेल.

रेकॉर्ड प्लेअर जुळवून देणं आणि जुन्या रेकॉर्ड्स धुऊन, तपासून त्यांची अवस्था ठरवणं हे माझं रोजचं काम. ‘ॲनालॉग आवाजाची ऊब’ हे कारण मी कुणालाच देत नाही, तुम्हालाही देणार नाही. चांगल्या स्पीकरवर, व्यवस्थित फाइलमधून हा आल्बम सुंदरच वाजतो. त्याचं एलपीशी खरं नातं आहे ते बांधणीचं. हा आल्बम गाण्यांच्या हिशेबाने केलेला नाही, बाजूंच्या हिशेबाने केलेला आहे. पहिली बाजू साडेएकोणीस मिनिटांच्या आसपास, दुसरी सोळा. पहिल्या बाजूवर सहा गाणी आहेत आणि ती एकमेकांत अशी ओतलेली आहेत की कुठलं कधी संपलं हे नवख्याला सांगता येत नाही. मोबाइलवर हाच आल्बम शफलवर लागला, किंवा दोन गाण्यांच्या मध्ये जाहिरात आली, की जे बांधलंय तेच मोडतं. तुम्हाला ‘छान वाटलं’ पण उमगलं नाही, याचं मोठं कारण तेच असावं असं मला वाटतं.

आता हा आल्बम आला कुठून ते बघू. मोटाउन ही डेट्रॉइटची कंपनी. बेरी गॉर्डीने ती उभी केली आणि तिचं गणित ठरलेलं होतं: तीन मिनिटांचं गाणं, प्रेमाचा विषय, रेडिओवर झटकन पकड घेणारी चाल. मार्विन गे तिथला हुकमी गायक आणि गॉर्डीच्या बहिणीचा नवरासुद्धा. त्याच्या युगुलगीतांची जोडीदार टॅमी टेरेल मेंदूच्या गाठीने आजारी पडली आणि मार्च 1970मध्ये, वयाच्या चोविसाव्या वर्षी गेली. गे मंचापासून दूर झाला. त्याचा धाकटा भाऊ फ्रँकी व्हिएतनाममधून परतला होता आणि तिथलं त्याने जे सांगितलं ते गेच्या मनातून जाईना. त्याच्या आगेमागेच फोर टॉप्स या मोटाउनच्याच गायकगटातला रेनाल्डो ‘ओबी’ बेन्सन एक अर्धवट गाणं घेऊन त्याच्याकडे आला. 1969च्या मे महिन्यात कॅलिफोर्नियातल्या बर्कलीत, पीपल्स पार्कमध्ये पोलिसांनी आंदोलक तरुणांवर केलेला हल्ला बेन्सनने पाहिला होता. हे चाललंय तरी काय, हा तिथे त्याला पडलेला प्रश्न. अल क्लीव्हलंडबरोबर त्याने त्याचं गाणं केलं. त्याच्या स्वतःच्या गटाला ते नको होतं. गेने त्यात भर घातली, चाल आणि शब्द आपल्या अंगाने वळवले आणि 1970च्या उन्हाळ्यात ते ध्वनिमुद्रित केलं.

गॉर्डीला ते पसंत पडलं नाही. राजकारणाचं गाणं, त्यात मागे जॅझसारखं काहीतरी, हे विकणार नाही असं त्याचं मत. गे हटून बसला. हे बाजारात येत नाही तोवर दुसरं काही गाणार नाही. जानेवारी 1971मध्ये गाणं सिंगल म्हणून बाहेर आलं आणि मोटाउनच्या कोणत्याही गाण्याला हेवा वाटावा अशा वेगाने खपलं. मग कंपनीनेच घाई केली: असाच आख्खा आल्बम हवा, आणि लवकर हवा. मार्चमध्ये जेमतेम दोन आठवड्यांत उरलेली गाणी डेट्रॉइटमध्ये उभी राहिली. एप्रिलमध्ये एक मिश्रण (मिक्स, म्हणजे सगळे आवाज प्रमाणात जुळवलेली अंतिम प्रत) तिथेच तयार झालं, पण गेचं समाधान झालं नाही. त्याने लॉस एंजेलिसला जाऊन ते पुन्हा केलं आणि 21 मे 1971 रोजी मोटाउनच्याच टॅम्ला या लेबलवर रेकॉर्ड आली. ते आधीचं डेट्रॉइटचं मिश्रण 2001 साली अधिकृतपणे प्रसिद्ध झालं. मूळ आल्बम अंगवळणी पडल्यावर ते मुद्दाम ऐका. तीच वाद्यं, तोच गळा, पण आवाज जास्त कोरडा आणि गायक जास्त जवळ.

आता सुई ठेवा.

सगळ्यात आधी माणसं बोलताना ऐकू येतात. खोलीत मित्र जमलेत, कुणी कुणाला हाक मारतंय, खुशाली विचारतंय. त्या आवाजांत डेट्रॉइट लायन्स या अमेरिकन फुटबॉल संघाचे मेल फार आणि लेम बार्नी हे दोन खेळाडू आहेत, गेचे दोस्त. पाठोपाठ अल्टो सॅक्सोफोनची ती लांब, वळणदार ओळ येते. ती वाजवणारा इलाय फोंटेन स्टुडिओत वाद्य तापवत होता, सहज फिरवून बघत होता. गेने तेवढंच घेतलं आणि त्याला सांगितलं की तुझं काम झालं. खाली काँगा आणि बाँगो ही हाताने वाजवायची तालवाद्यं हलकी चालू होतात, ड्रम्स जेमतेम टेकू देण्यापुरते. त्या काळच्या मोटाउनचे ड्रम्स तुम्ही ऐकले असतील तर फरक लगेच कळेल. ते हातोड्यासारखे दर मात्रेवर पडायचे. इथे ठेका तालवाद्यांच्या आतून येतो, वरून लादलेला नाही.

आणि मग गळा. एक नव्हे, दोन गळे, आणि दोन्ही त्याचेच. यामागची हकीकत अशी की गेने मुख्य स्वराचे दोन टेक गायले होते, कुठला चांगला ते ऐकून ठरवायचं होतं. ध्वनिमुद्रक केनेथ सँड्सने ते ऐकवताना दोन्ही एकदमच वाजले. गेने ते ऐकलं आणि दोन्ही ठेवले. पुढे आयुष्यभर त्याने हीच पद्धत वापरली. आपल्याकडे कीर्तनात बुवांनी ओळ टाकली की झिलकरी ती मागून उचलतात, ताणतात, कधी थोडी वळवून परत देतात. इथे बुवा आणि झिलकरी एकच माणूस आहे. एक आवाज सरळ सांगतो, दुसरा त्याच्या भोवती फिरतो, हुंकार देतो, कधी आधीच पुढच्या शब्दावर जाऊन थांबतो. ‘सेव्ह द चिल्ड्रन’मध्ये तर एक गे ओळ नुसती बोलतो आणि दुसरा तीच ओळ गाऊन दाखवतो, अख्खं गाणं तसंच. पहिल्यांदा ऐकताना कान फक्त एकाच्या मागे जातो. दुसरा नंतर कधीतरी सापडतो, आणि तो सापडला की हा आल्बम वेगळाच वाटायला लागतो.

माझ्या मते याच्या टिकाऊपणाचं मूळ इथे आहे. विषय मोठा आहे म्हणून आल्बम टिकत नाही. त्या दोन-तीन वर्षांत युद्धाविरुद्ध शेकडो गाणी आली आणि बहुतेक आज फक्त अभ्यासक ऐकतात. हा टिकला कारण यात थर आहेत, आणि कुठलाही थर दुसऱ्याला झाकत नाही. एक दिवस फक्त काँगावाल्या एडी ‘बाँगो’ ब्राउनच्या मागे जा. दुसऱ्या दिवशी फक्त व्हायोलिनांच्या. ती डेट्रॉइट सिंफनीच्या वादकांची आहेत आणि डेव्हिड व्हॅन डीपिटने ती मांडलीत. प्रत्येक वेळी आख्खा प्रवास घडतो.

मला स्वतःला सगळ्यात जास्त दिवस धरून ठेवलं ते जेम्स जेमरसनच्या बास गिटारने. हा मोटाउनच्या फंक ब्रदर्स या वादकमंडळातला. 1962ची फेंडर प्रिसिजन बास, तिच्यावर जाड, गुळगुळीत, कधी न बदललेल्या तारा, आणि उजव्या हाताचं फक्त एक बोट. शीर्षकगीताच्या रात्री गेने त्याला एका क्लबमधून शोधून आणलं, तो इतका प्यायलेला होता की स्टुलावर बसता येईना, मग जमिनीवर पाठ टेकून त्याने आख्खा भाग वाजवला, अशी कथा सांगतात. ती बाजूला ठेवून नुसतं वादन ऐका. बास गिटारने खालची पट्टी धरून ठेवायची असा साधा संकेत. जेमरसन ती धरतोही आणि सोडतोही. दोन मात्रांच्या मधल्या फटीतून उपसूर टाकत वर सरकतो आणि बरोबर जिथे गायक श्वास घेतो तिथे खाली येऊन भेटतो. मोबाइलच्या स्पीकरवर हा माणूस जवळजवळ ऐकूच येत नाही, कारण त्या इवल्याशा स्पीकरला तेवढा खालचा आवाज पेलतच नाही. तुम्ही आत्तापर्यंत जे ऐकलंत त्यात अर्धा आल्बम गैरहजर होता असं म्हटलं तरी चालेल.

इथे एलपीचा एक तांत्रिक मुद्दा येतो. बास जितका जोरकस, तितकी खाच जास्त डावी-उजवीकडे हलते आणि जास्त जागा खाते. एका बाजूवर सव्वीस-सत्तावीस मिनिटं कोंबली की मूळ तबकडीवर खाच कापणाऱ्याला आवाज खाली आणावा लागतो, बास आवरावा लागतो. इथे बाजू वीस मिनिटांच्या आतच आहे. त्यामुळे जेमरसनला हात-पाय पसरायला जागा मिळाली आहे.

पण एक अडचणही आहे आणि ती तुमच्या दुरुस्त झालेल्या टर्नटेबलला थेट लागू होते. तबकडी मिनिटाला 33⅓ फेऱ्यांनी सारख्याच वेगाने फिरते, पण बाहेरच्या खाचेत सुईखालून सेकंदाला साधारण 50 सेंटिमीटर खाच सरकते आणि अगदी आतल्या खाचेत जेमतेम 21. तितकाच आवाज तिथे निम्म्याहून कमी जागेत लिहिलेला असतो. सुई झिजलेली असेल किंवा कार्ट्रिज (सुई जिच्यात बसते ती डबी) वाकडं बसलं असेल तर आतल्या गाण्यांत ‘स’ आणि ‘श’ फाटतात. आता बघा, या आल्बममधून तीन गाणी अमेरिकेच्या पॉप यादीत पहिल्या दहांत गेली. शीर्षकगीत बाजूच्या सुरुवातीला आहे. उरलेली दोन, ‘मर्सी मर्सी मी’ आणि ‘इनर सिटी ब्लूज’, दोन्ही आपापल्या बाजूच्या अगदी शेवटी, सगळ्यात अवघड जागी. म्हणून हा आल्बम मी प्लेअर जुळवताना तपासणीसाठीही लावते. ‘मर्सी मर्सी मी’ची सुरुवात स्वच्छ आली, वाइल्ड बिल मूरचा टेनर सॅक्सोफोन चिरकला नाही, तर जुळणी ठीक. तुमच्या प्लेअरवर ते फाटत असेल तर रेकॉर्डला दोष देण्याआधी कार्ट्रिज प्रोट्रॅक्टरवर, म्हणजे कोन जुळवायच्या आखीव पट्टीवर, बसवून घ्या आणि सुईचा भार काट्यावर मोजा. हल्लीच्या बहुतेक मूव्हिंग मॅग्नेट जातीच्या कार्ट्रिजना दीड ते दोन ग्रॅम पुरतो. वडिलांच्या प्लेअरवर अजून जुनं क्रिस्टल किंवा सिरॅमिक कार्ट्रिज असेल तर नवी रेकॉर्ड त्यावर लावूच नका. ते दुप्पट-तिप्पट वजनाने खाच खरवडतं आणि झालेली झीज कधीच भरून येत नाही.

विषयाकडे परत. व्हिएतनामचा आल्बम म्हणून तुम्ही थोडे बाजूला राहिलात, ते समजू शकतं. पण युद्ध थेट येतं ते दुसऱ्या गाण्यात, आणि तेही लढाईचं वर्णन म्हणून येत नाही. घरी परतलेला शिपाई विचारतोय की काम मिळेल का, पैशाची इतकी चणचण का, आपला बेसबॉलचा संघ यंदा जिंकेल का, ओळखीची माणसं कुठे गेली. तिसरं गाणं व्यसनाचं आहे. त्याचं नाव एका विमान कंपनीच्या त्या वेळच्या जाहिरातीतल्या वाक्यावरून घेतलंय आणि चाल इतकी तरंगती आहे की शब्द कळेपर्यंत तुम्ही त्या नशेत ओढले गेलेले असता. ‘मर्सी मर्सी मी’ हवा-पाण्याच्या विषारीपणाबद्दल आहे. पहिला वसुंधरा दिन 1970चा, त्यामुळे विषय हवेत होता, पण माशांमधला पारा आणि समुद्रात सांडलेलं तेल एवढ्या गोड चालीत घालून रेडिओवर नेणं हे धाडस होतं. त्याचा शेवट नीट ऐका. चाल थांबते आणि स्वर अचानक काळवंडतात, गोडवा सगळा निघून जातो. पहिली बाजू तिथे संपते.

हे काळवंडणं केवळ मांडणीची युक्ती नाही. डेट्रॉइट हे त्या काळी मोटारींच्या कारखान्यांचं, धुराड्यांचं शहर. 1967च्या वांशिक दंगलीत तिथे 43 माणसं मेली होती. ज्या शहराबद्दल गाणं आहे त्याच शहरातल्या, वेस्ट ग्रँड बुलेव्हार्डवरच्या घरवजा स्टुडिओत, तिथल्याच वादकांनी ते वाजवलं. पुढच्याच वर्षी कंपनीने मुक्काम लॉस एंजेलिसला हलवला आणि फंक ब्रदर्सचं तसं एकत्र वाजवणं संपलं.

दुसरी बाजू सुरू होते ‘राइट ऑन’ने, साडेसात मिनिटांच्या गाण्याने. खरं सांगायचं तर आल्बमचा हाच भाग मला थोडा सैल वाटतो. बासरी आणि तालवाद्यं सुरेख आहेत, पण गे अधूनमधून विषय सोडून हरवतो. त्याच्यामागून येणारं ‘होली होली’ सरळ प्रार्थना आहे. गेचे वडील धर्मोपदेशक होते, तो चर्चमध्ये गातच वाढला, आणि इथे तो पोत उघडा पडतो. मग ‘इनर सिटी ब्लूज’. जेम्स निक्सबरोबर लिहिलेलं हे गाणं आल्बममधलं सगळ्यात अंधारं. चंद्रावर रॉकेटं जातायत आणि खाली माणसाला कर भरता येत नाहीये, हा त्याचा राग. पण तो ओरडत नाही. बासची एकच आकृती फिरत राहते आणि आवाज दबका, आवळलेला. अगदी शेवटी शीर्षकगीताची चाल परत डोकावते आणि विरत जाते.

आता प्रत कुठली घ्यायची. मूळ अमेरिकन छपाई म्हणजे टॅम्ला टीएस 310, उघडणारं गेटफोल्ड कव्हर. ब्रिटनमधली टॅम्ला मोटाउन एसटीएमएल 11190. दोन्हींचं आकर्षण मी नाकारणार नाही. पण ही गाणी त्या काळी घरोघरी, पार्ट्यांमध्ये, जड सुयांवर वाजली आहेत, त्यामुळे हाती येणाऱ्या बऱ्याचशा प्रती घासलेल्या असतात. विक्रेत्याने फोटोत चकचकीत दाखवलेली रेकॉर्डही आतल्या खाचांत करवतीसारखी वाजू शकते. प्रत्यक्ष ऐकायला मिळत असेल तर दोन्ही बाजूंचं शेवटचं गाणं लावून बघा, पहिलं नको. ते शक्य नसेल तर नवी अधिकृत आवृत्ती घ्या. पन्नाशीनिमित्त 2022 साली दोन तबकड्यांचा संचही निघाला. 180 ग्रॅमच्या स्टिकरला भुलू नका. जाड तबकडी सहसा कमी वाकते, पण आवाज ठरतो तो कुठल्या टेपवरून आणि कुणी कापली त्यावर. आणि कव्हर गेटफोल्डच असेल याची खात्री करा. बाहेर पावसात भिजलेला गे, कोटाच्या कॉलरवर थेंब, मोटाउनच्या गुळगुळीत दाढी केलेल्या जुन्या गेपेक्षा वेगळा, दाढीवाला. आत घरच्या माणसांच्या फोटोंचं कोलाज आणि गाण्यांचे शब्द. वादकांची नावंही छापली आहेत, जी मोटाउनने तोवर आपल्या आल्बमवर कधीच दिली नव्हती. जेमरसनचा बास चालू असताना त्याचं नाव कागदावर वाचणं, हे मी प्रत्येकाला करायला सांगते.

रेकॉर्ड घरी आल्यावर आपल्याकडचा पावसाळा लक्षात ठेवा. मुंबई-कोकणात दोन ओलसर महिन्यांत आतल्या कागदी पिशवीवर बुरशी धरते आणि तिथून ती खाचेत उतरते. आतली कागदी पिशवी काढून पातळ प्लास्टिकची घाला, रेकॉर्ड उभी ठेवा, भिंतीला चिकटलेल्या कपाटात नको. धुवायला डिस्टिल्ड पाणी, त्यात थोडं आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि साबणाचा एखादा थेंब पुरतो. मात्र वडिलांच्या संग्रहात 78 फेऱ्यांच्या लाखेच्या तबकड्या असतील तर त्यांना अल्कोहोल लागू देऊ नका. लाख त्यात विरघळते आणि गाणं कायमचं जातं.

ऐकण्याबद्दल एवढंच सांगते की पहिल्या खेपेला शब्द वाचू नका आणि बाजू मध्येच उचलू नका. दुसऱ्या खेपेला शब्द समोर ठेवा. तिसऱ्यांदा फक्त बास. एवढं करून आवडला नाही तर रेकॉर्ड विकून टाका. चांगल्या अवस्थेतल्या प्रतीला गिऱ्हाईक लगेच मिळतं.

आणि आवडला तर पुढची रेकॉर्ड अरेथा फ्रँकलिनची ‘अमेझिंग ग्रेस’ घ्या, 1972ची. जानेवारीत लॉस एंजेलिसच्या एका चर्चमध्ये, गॉस्पेल म्हणजे चर्चसंगीताचा गायक जेम्स क्लीव्हलंड याच्या साथीने आणि गायकवृंदासह केलेलं हे थेट ध्वनिमुद्रण. गेचं ‘होली होली’ तिने तिथे गायलं आहे. गेकडे ते तीन मिनिटांचं, स्वतःशी म्हटल्यासारखं आहे. अरेथा तेच गाणं समोर बसलेल्या माणसांना देते आणि ती माणसं तिला उत्तर देतात. दोन्ही एका संध्याकाळी लागोपाठ लावा, आधी गे.